पाळकसाहेबांना दिलेला पेंढा

किल्डार्नच्या चर्चमध्ये वाद्य नव्हतं. आमच्यात ते चालत नाही. पाळकसाहेब व्यासपीठावरून स्तोत्राचा आकडा सांगतात आणि खाली बसतात. मग व्यासपीठाच्या पायथ्याशी, लहानशा मेजामागे बसलेला माणूस सूर देणारा पोलादी नादकाटा मेजावर आपटतो, कानाशी धरतो आणि पहिली ओळ एकट्याने म्हणतो. तीच ओळ मग सगळी मंडळी उचलते. गाताना आम्ही बसतो, प्रार्थनेला उभे राहतो. तो माणूस गायला नाही, तर चर्च गात नाही.

किल्डार्नमध्ये तो माणूस मी होतो. आठवडाभर गावच्या शाळेचा मास्तर आणि रविवारी सूर धरणारा. ही दोन्ही कामं एकाकडेच असायची, कारण शाळा चर्चची होती आणि चर्च सरकारचं. शाळेला लागून दोन खोल्यांचं घर, मागे कोबीचा वाफा, एका गाईपुरतं गवत, एवढं मास्तराला मिळायचं. मात्र तो सरकारी चर्चमध्ये असेल तरच. चर्चमधून बाहेर पडला की तो शाळेतूनही बाहेर पडला, असा कायदाच होता.

मंडळी माझ्यामागे गायची त्याचं मला कौतुक होतं, पण माझा खरा जीव शाळेत होता. सकाळी मुलं हातात पीटची एकेक ढेप घेऊन यायची. पीट म्हणजे दलदलीतून कापून वाळवलेली माती, आमचं जळण. ढेप चुलीपाशी टाकायची आणि मग आपल्या जागेवर बसायचं. ज्याच्या घरी जळण कमी, त्याची ढेप मुठीएवढी असायची. मी कधी कोणाची ढेप मोठी की लहान ते बघितलं नाही, आणि मुलांनीही बघू नये असं शिकवलं. वाचायला शिकवणं सोपं असतं. हे शिकवायला वेळ लागतो.

त्या वर्षांत सगळ्या स्कॉटलंडभर आमच्या चर्चमध्ये भांडण चाललं होतं. ते देवावरून नव्हतं. पाळक कोणी निवडायचा, यावरून होतं. कायद्याप्रमाणे गावचा जमीनदार चिठ्ठी देई तो माणूस पाळक होई. मंडळी म्हणू लागली, आमचा पाळक आम्ही पसंत करू. जमीनदार कोर्टात गेले. कोर्ट म्हणालं, हक्क जमीनदाराचा. डोंगरापलीकडच्या एका गावात तर मंडळीने नाकारलेला माणूस पोलिसांच्या पहाऱ्यात आणून व्यासपीठावर बसवला. तिथली म्हातारीकोतारी माणसं बायबल काखेत धरून, बर्फ तुडवत, चर्च रिकामं करून घरी गेली.

आमचे पाळक ह्यू ड्यूगिड. तेही जमीनदाराच्या चिठ्ठीनेच आलेले, पण गावाला आवडलेले. उंच, मोकळं हसणारे, नदीवर गळ टाकून तासन्‌तास बसणारे. दर शुक्रवारी दुपारी ते शाळेत येत, चुलीकडे पाठ करून उभे राहत आणि मुलांकडून धर्माची प्रश्नोत्तरं म्हणून घेत. माझ्या आयुष्यात मला मित्र म्हणावा असा माणूस तोच. आमच्या दोघांची पुस्तकं कोणाच्या फळीवर आहेत याचा हिशेब आम्ही केव्हाच सोडला होता.

त्या हिवाळ्यात त्यांनी मुलांसाठी एक नवा प्रश्न आणला.

“मास्तर, हा शेवटी घाला,” ते म्हणाले. “चर्चचं मस्तक कोण?”

“आणि उत्तर?”

“ख्रिस्त एकटा. राजा नाही. कोर्ट नाही. जमीनदार नाही.”

“मुलांना जमेल,” मी म्हणालो. “तीन वेळा ‘नाही’ आहे. मुलांना ‘नाही’ म्हणायला आवडतं.”

खरंच आवडलं. लोहार पीटर गेड्सची धाकटी मुलगी टिबी बोलताना अडखळायची. तिला सोपं जावं म्हणून मी तिला प्रत्येक ‘नाही’ला जमिनीवर पाय आपटायला सांगितलं. पाय आपटला की जीभ सुटायची. दोन दिवसांत सगळी शाळा पाय आपटू लागली. राजा नाही, धप्प. कोर्ट नाही, धप्प. जमीनदार नाही, धप्प. लाकडी फळ्यांखालून धूळ उडायची. पहिल्या शुक्रवारी ऐकलं तेव्हा ड्यूगिडसाहेबांच्या डोळ्यांत पाणी आलं. “पुन्हा,” ते म्हणाले. “पुन्हा म्हणा, बाळांनो.”

वसंतात त्यांनी शाळेत सभा घेतली. मोठी माणसं मुलांच्या बाकांवर गुडघे हनुवटीला लावून बसली. ड्यूगिडसाहेबांनी माझ्या मेजावर हात ठेवला.

“मे महिन्यात एडिनबरोला चर्चची मोठी सभा आहे,” ते म्हणाले. “सरकारने ऐकलं नाही, तर आम्ही पाळक उठून बाहेर पडू. सरकारचं चर्च सरकारला ठेवू. घर सोडू, पगार सोडू, सगळं सोडू.”

“बूटसुद्धा का, साहेब?” मागून कोष्टी जेमी क्रुक म्हणाला. “नाही, माझ्या मापाचे दिसतात म्हणून विचारलं.”

सगळे हसले. साहेब सगळ्यांत जोरात हसले.

“जेमी, बूट तुला. पण मग वाळूत, चिखलात, जिथे उभा राहून मी उपदेश करीन तिथे तू यायचंस.”

“मी येईन हो. माझ्या घराखालची जमीन माझी आहे, मला कोण हाकलतंय? या पीटरला विचारा.”

लोहार पीटर उठून उभा राहिला. मंडळीतला तो सगळ्यांत मोठ्या आवाजाचा माणूस, गाण्यातही आणि बोलण्यातही. “माझी भट्टी जमीनदाराच्या जागेत आहे,” तो म्हणाला. “म्हणून काय झालं? ऐरण उचलून डोक्यावर घेईन आणि पाळकसाहेबांच्या मागे चालू लागेन!”

लोकांनी बाक वाजवले. त्या गडबडीत माझी बायको इस्बेल पुढे आली. ती सभेत बोलणारी बाई नव्हे.

“साहेब, तुम्ही पाळक. तुम्हाला दुसरीकडे लोक बोलावतील. यांना शाळेतून काढलं तर आम्ही जायचं कुठे?”

ड्यूगिडसाहेबांनी तिचा हात दोन्ही हातांत घेतला. “इस्बेलबाई, मी जिथे झोपेन तिथे मास्तरांना जागा आहे. तंबू तर तंबू. आणि नवी शाळा आपण बांधू. तिचा पहिला दगड मी माझ्या पाठीवरून आणीन. हे मी मंडळीसमोर सांगतोय.”

नंतर माणसं पांगल्यावर ते मला म्हणाले, “गॅव्हिन, एक कर. ज्या दिवशी मी तिथे चर्च सोडल्याच्या कागदावर सही करीन, त्याच दिवशी तू इथे कारभाऱ्याला राजीनामा दे. जमीनदाराला कळू दे की हा एकट्या पाळकाचा हट्ट नाही. पाळक आणि मास्तर दोघं एका दिवशी गेले, की त्याच्याकडे चर्च उरेल, गाव उरणार नाही.”

ते एरवी मला मास्तरच म्हणत. त्या दिवशी गॅव्हिन म्हणाले.

एडिनबरोला जाण्याआधीच्या आठवड्यात पाळकसाहेबांच्या घरी बांधाबांध सुरू झाली. पडदे उतरले. ड्यूगिडबाईंनी मोलकरणीला आमच्याकडे पाठवलं. चिनी मातीची भांडी खोक्यांत भरायची होती, पेंढा मिळेल का? आमच्याकडे पेंढा फार नव्हता, गाईखाली घालायला ठेवलेला तेवढाच. इस्बेलने तो सगळा दिला. “त्यांची भांडी नाजूक आहेत,” ती म्हणाली. “गाय काही दिवस तशीच बसेल.”

ठरलेल्या दिवशी मी राजीनामा नेऊन दिला. जमीनदाराच्या कारभाऱ्याने तो वाचला, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, “मास्तर, एवढी घाई कशाला? जरा वाट बघा.”

“काय बघायचं आहे?” मी विचारलं.

त्याने खांदे उडवले. मला वाटलं, त्याला काही कळत नाही.

ड्यूगिडसाहेब शनिवारी परत आले. घोडागाडी पुलावरून गेलेली मुलांनी पाहिली होती. दुसऱ्या दिवशी पहिल्यांदाच आम्ही चर्चमध्ये न जमता गावाबाहेर चुन्याच्या जुन्या भट्टीपाशी जमणार होतो. उघड्यावर आवाज विरतो, तेव्हा कोणतं स्तोत्र घ्यायचं ते विचारायला मी संध्याकाळच्या आत त्यांच्याकडे निघालो. वाटेत मनातल्या मनात दोन-तीन चाली म्हणून बघत होतो.

फाटकापाशी आलो आणि थांबलो. अंगणात पेंढा पसरला होता. आमचाच पेंढा. पाळकसाहेबांच्या कोंबड्या त्यात पाय मारून दाणे शोधत होत्या. मी वर पाहिलं. खिडक्यांना पडदे होते.

मी तिथूनच परत फिरलो असतो, पण त्यांनी मला खिडकीतून पाहिलं होतं. ते स्वतः दार उघडायला आले.

“या मास्तर, बसा.”

मी बसलो नाही. “सही केलीत?”

“चहा घेता?”

“साहेब, सही केलीत?”

त्यांनी दार लावून घेतलं. “तिथे होतो मी,” ते म्हणाले. “ते सगळे उठले. शेकडो. दोघे-दोघे, हातात हात घालून बाहेर पडले. रस्त्यावर लोक रडत होते. मीसुद्धा उठलो, मास्तर. देवाशपथ उठलो होतो. दारापर्यंत गेलो.”

“मग?”

“मग मला माझी पाच पोरं दिसली.” त्यांनी हाताच्या तळव्याने तोंड पुसलं. “आणि गाव दिसलं. मी गेलो तर जमीनदार इथे कोणाला आणून बसवील? एखादा घोड्यांचा शौकीन, रविवारी कोरडं वाचून दाखवणारा. आत राहून मी या माणसांना सांभाळू शकतो. कायदा आज ना उद्या बदलेल. बाहेरच्याला कोण विचारतो?”

हे त्यांनी गाडीतून येताना पाठ केलेलं होतं. पाठ केलेलं कसं ऐकू येतं ते मला कळतं, माझा धंदाच तो आहे.

“मला कळवायला हवं होतं,” मी म्हणालो. “मी राजीनामा दिला.”

“ते मी बघितलंय.” त्यांचा आवाज एकदम हलका झाला, जणू अवघड भाग संपला. “कारभाऱ्याशी बोललो मी. सकाळीच, गाडीतून उतरल्याबरोबर. पत्र अजून त्याच्या खणातच आहे. तो ते फाडून टाकायला तयार आहे. उद्या तुम्ही नेहमीसारखे आपल्या जागेवर बसा, नेहमीसारखा सूर धरा. संपलं. शाळा तुमची, घर तुमचं.”

म्हणजे ते घरी यायच्या आधी कारभाऱ्याकडे गेले होते. माझं घर वाटेवरच होतं.

मी टोपी हातात फिरवत होतो. मला शाळा दिसत होती. टिबी दिसत होती, तिची जीभ आता वाचताना अडखळेनाशी झाली होती. खरं सांगायचं तर त्या क्षणी माझं मन वळत होतं. एखादा रविवार, मग दुसरा, मग सवय. मुलांसाठी माणूस काय करत नाही?

“आणि एक छोटी गोष्ट,” साहेब म्हणाले. “तो शेवटचा प्रश्न आता मुलांकडून म्हणून घेऊ नका. उन्हाळ्यात जमीनदारसाहेब शाळेच्या परीक्षेला येणार आहेत. उगाच ते पाय आपटणं आणि...”

“तुम्हीच आणलात तो प्रश्न.”

“हो, हो. तेव्हाची गोष्ट वेगळी होती.”

“मुलांना पाठ झालाय,” मी म्हणालो. “पाठ करून कसं घ्यायचं ते मला येतं. पाठ झालेलं काढून कसं घ्यायचं, ते येत नाही.”

“मास्तर, मुलं आहेत ती. विसरतील.”

मी निघालो. अंगणातून जाताना कोंबड्या बाजूला झाल्या.

घरी इस्बेल कोबीचं सूप ढवळत होती. माझं तोंड बघून तिने पळी खाली ठेवली.

“पडदे?” तिने विचारलं.

“लावलेत.”

“पेंढा?”

“कोंबड्या खेळतायत त्यात.”

तिने सुपाचं भांडं चुलीवरून उतरवलं. मग म्हणाली, “बघा, मी तेव्हाच विचारलं होतं. हात धरून सांगितलं त्यांनी मला. माझा हात धरून, अहो.”

मी तिला पत्राचं सांगितलं. उद्या सूर धरला की सगळं पूर्वीसारखं, हेही सांगितलं.

“एवढंच?”

“आणि एक प्रश्न गाळायचा.”

कोणता, ते तिने विचारलं नाही. सूप वाढलं, समोर बसली आणि मेजाखाली तिच्या लाकडी तळव्याच्या बुटाचा आवाज आला. धप्प. धप्प. धप्प. मग ती म्हणाली, “खा. गार होतंय. काय करायचं ते तुम्ही ठरवा. फक्त घरासाठी केलंत असं मला उद्या ऐकवू नका.”

रविवारी लोक चर्चच्या आवारात थांबले होते. ते नेहमीच आधी तिथे थांबायचे आणि तिथून सगळे मिळून भट्टीकडे जाऊ असं ठरलं होतं. कोणी बसायला तिवया आणल्या होत्या. पीटर गेड्सने तर खांद्यावर एक अख्खा बाक घेतला होता.

“मास्तर, गळा तापवून आलात ना?” तो लांबूनच ओरडला. “आज छप्पर नाही, आज तुमचा कस लागणार!”

तेवढ्यात चर्चची घंटा वाजली. घंटा वाजायची नव्हती. लोक एकमेकांकडे बघू लागले. ड्यूगिडसाहेब काळ्या झग्यात आपल्या घराकडून आले, मागे बायको, पाच मुलं. ते आमच्यामधून गेले. “सुप्रभात,” ते म्हणाले, कोणाकडे न बघता, आणि चर्चच्या दारातून आत गेले.

पीटरने खांद्यावरचा बाक हळूच भिंतीला टेकवून ठेवला.

“बूट काही सोडले नाहीत साहेबांनी,” जेमी म्हणाला. यावेळी कोणी हसलं नाही.

मग माणसं आत जाऊ लागली. आयुष्यभर घंटा वाजली की आत जायचं, एवढंच पायांना माहीत होतं. मीही गेलो. मी माझ्या मेजामागे बसलो, कारण जे काही करायचं ते तिथूनच करायचं होतं. आमच्या चर्चमध्ये प्रत्येक बाकाला लहानसं दार असतं, कुटुंब आत बसलं की कडी लावतात. एकेक कडी लागल्याचा आवाज मी ऐकत होतो. वर जमीनदाराचा सज्जा होता. त्यात कारभारी एकटाच, कोपर टेकून बसला होता.

साहेबांनी स्तोत्राचा आकडा सांगितला आणि ते खाली बसले.

मी नादकाटा मेजावर आपटला. कानाशी धरला. सूर स्पष्ट होता. सगळं चर्च श्वास घेऊन तयार झालेलं मला न बघताही जाणवत होतं, कारण इतक्या वर्षांत कानाला ते कळू लागतं. काट्याचा आवाज बारीक होत होत संपला.

मी काटा मेजावर ठेवला आणि उभा राहिलो. गाण्याच्या वेळी आमच्यात कोणी उभं राहत नाही. मी मधल्या वाटेने दाराकडे चालू लागलो. काही बोललो नाही. बोलण्यासारखं जे होतं ते त्यांना माहीत होतं.

इस्बेलच्या बाकाची कडी उघडली. जेमीची उघडली. विधवा एल्स्पेट रॉस आपल्या दोन मुलांना घेऊन उठली. आणखी तीन-चार कड्या वाजल्या. मग माझ्या उजव्या हाताला पीटर गेड्सचा बाक आला. त्याने कडी उघडली होती. दार अर्धं ढकललेलं होतं, टिबी तर बाहेर पाऊल टाकायला उभीच राहिली होती. पीटरने वर सज्जाकडे पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं. त्याने टिबीला खांद्याला धरून खाली बसवलं आणि दार ओढून घेतलं.

कडी लागली. इतक्या कड्यांमध्ये तेवढीच एक मला अजून ऐकू येते.

आम्ही आवाराच्या बाहेर पडतो न पडतो तोच आतून ड्यूगिडसाहेबांनी स्वतः स्तोत्र सुरू केलं. त्यांना गाता येत नसे. सूर फार वर धरला. तिसऱ्या ओळीला आवाज फाटला आणि थांबला. आम्ही सगळे रस्त्यात उभे राहून ऐकत होतो, आणि मी कबूल करतो, मला बरं वाटलं.

मग एका खणखणीत, खालच्या आवाजाने ती ओळ उचलली, खालच्या पट्टीत आणून नीट बसवली, आणि सगळं चर्च त्याच्या मागून गाऊ लागलं. तो आवाज पीटर गेड्सचा होता. खाली कसं आणायचं ते त्याला मी शिकवलं होतं.

“चला,” इस्बेल म्हणाली. “भट्टी लांब आहे.”

चुन्याच्या भट्टीपाशी आम्ही फार थोडे जण होतो आणि पाळक नव्हता. मी सूर धरला. माणसं कमी असली की खालच्या पट्टीत धरावा लागतो, नाहीतर प्रत्येकाला आपलाच आवाज ऐकू येतो आणि तो लाजतो.

उन्हाळाभर शाळेला कुलूप होतं. जमीनदाराच्या परीक्षेचं काय झालं ते मी विचारलं नाही. आम्हाला नोव्हेंबरच्या मुदतीपर्यंत घरात राहू दिलं, कारण नवा मास्तर अजून मिळाला नव्हता. जमीनदाराने आमच्या मंडळीला बसायला वीतभर जागा द्यायची नाही असं सांगून टाकलं. शेवटी जेमीने आपल्या मागाच्या खोलीतला एक माग हलवला. “माझ्या जमिनीवर जमीनदार नाही,” तो म्हणाला, “फक्त उंदीर आहेत. त्यांची हरकत नसेल तर शाळा भरवा.”

नवा मास्तर शरदात आला. आर्चिबाल्ड पिरी, नुकताच शिकून बाहेर पडलेला, कोट अजून खांद्याला बसलेला नाही असा. मला त्याचा राग येईल असं वाटलं होतं, पण आला नाही. मी त्याला शाळा दाखवली. कोणता बाक डुगडुगतो, धूर कोणत्या वाऱ्याला आत येतो, ते सांगितलं. मग मुलांचं सांगितलं. रॉबी डाव्या हाताने लिहितो, त्याला मारू नका, अक्षर त्याचंच चांगलं आहे. मॉरिसनच्या जुळ्यांपैकी एकीला फळा दिसत नाही, पण ती कबूल करणार नाही, तिला पुढे बसवा. सोमवारी काही मुलं उपाशी येतात, त्यांना सकाळीच गणित घालू नका. टिबी गेड्स अडखळते. तिला घाई करू नका आणि तिच्याऐवजी वाक्य पुरं करू नका.

तो सगळं मन लावून ऐकत होता. शेवटी त्याने घसा साफ केला.

“एक विचारू, सर? पाळकसाहेब म्हणाले, प्रश्नोत्तरांतला शेवटचा एक प्रश्न आता घ्यायचा नाही. तो मुलांना फार पक्का बसलाय म्हणे. काय करू?”

“मला येत नाही ते,” मी म्हणालो. “येत असतं तर मी अजून इथे असतो.”

त्याला उत्तर कळलं नसावं. मी मेजावरची किल्ली त्याच्यापुढे सरकवली आणि शुभेच्छा दिल्या. मनापासून दिल्या. मुलं त्याच्याकडे राहणार होती.

मुदतीच्या दिवशी जेमी हातगाडी घेऊन आला. इस्बेल ताटं-वाट्या आपल्या लोकरी शालींत गुंडाळत होती. तेवढ्यात दाराशी काहीतरी टेकवल्याचा आवाज आला. बघितलं तर पाळकसाहेबांची मोलकरीण लांब निघून चालली होती आणि उंबऱ्याबाहेर पेंढ्याची मोठी पेंडी होती. नवा, कोरडा, पिवळाधमक पेंढा. आम्ही दिला होता त्याच्या दुप्पट असेल.

“घेता का?” जेमीने विचारलं. “चांगला आहे. भांडी फुटायची नाहीत.”

इस्बेलने हातातलं ताट शालीत गुंडाळलं, गाठ मारली, दुसरं उचललं. “शाली आहेत,” ती म्हणाली.

गाडी खडकाळ वाटेने गेली. दोन ताटं फुटली. पेंढा दारातच राहिला.

मागाच्या खोलीत सोमवारी शाळा भरली. एल्स्पेटची दोघं, जेमीचा पुतण्या आणि आणखी तिघं. प्रत्येकाच्या हातात पीटची ढेप. मी त्यांच्याकडून सगळी प्रश्नोत्तरं घेतली, शेवटच्या प्रश्नासकट. मातीच्या जमिनीवर पाय आपटले तर आवाज होत नाही, पण त्यांनी आपटले.

जुनी शाळा रस्त्यापलीकडेच होती. शुक्रवारी दुपारी, पाळकसाहेबांच्या वेळेला, मी माझ्या मुलांना लिहायला बसवलं आणि दाराशी जाऊन उभा राहिलो. तिकडून मुलांचं एका सुरातलं म्हणणं ऐकू येत होतं. मला प्रत्येक उत्तराची लांबी माहीत होती. शेवटापाशी आले तसा मी कान दिला. सवयीने तरी एखादा पाय वाजेल असं मला वाटत होतं. मुलांच्या सवयी लवकर जात नाहीत, हे मी किती आईबापांना सांगितलं असेल.

म्हणणं संपलं. फळ्या वाजल्या नाहीत. सुटीची घंटा झाली.

मुलं बाहेर आली. टिबी मला बघून थांबली. बापाने सांगितलं असणार, तरी थांबली. ती उंच झाली होती.

“कसं चाललंय, टिबी?”

“छान, मास्तर. आज मी सगळी उत्तरं म्हटली. एकटीने. एकदाही अडले नाही. पाळकसाहेबांनी शाबासकी दिली.”

“सगळी?”

“सगळी.”

“आणि शेवटचा प्रश्न?”

तिने जरा आठवून पाहिलं. ती खोटं बोलत नव्हती. तिला लपवता येत नाही, मी तिला ओळखतो.

“तो आता नाहीये, मास्तर,” ती म्हणाली. “तो परीक्षेत येत नाही.”

तिच्या मैत्रिणी पुलापर्यंत गेल्या होत्या. ती मला वाकून नमस्कार करून त्यांच्यामागे पळाली.